टायमागचं निळं अक्षर

आखन, जर्मनी. रवि. ९ ऑगस्ट १९६४

सकाळपासून वरच्या मजल्यावर, काँगोहून शिकायला आलेल्या एतियेनचा रेडिओ. एरवी रविवारी हा मुलगा शिट्टी वाजवत जिना उतरतो, बूट चकचकीत, थेट चर्चला. आज उतरला नाही. नात मिनीला न्हाऊ घालून, वाटीत उपमा घेऊन वर गेले. अंगात कोट, तसाच बिछान्यावर बसलेला.

त्याच्या काँगोतलं मोठं शहर, स्टॅनलीव्हिल, बंडवाल्यांनी घेतलं. एतियेनचं गाव त्याच नदीच्या काठी, खालच्या अंगाला. तेही गेलं. बंडवाल्यांच्या मागे रशिया आणि चीन, सरकारच्या मागे अमेरिका आणि बेल्जियम.

"आणि माझ्या बाबांच्या मागे कोण, मामाँ?"

माझं कॉन्व्हेंटातलं मोडकं फ्रेंच. या घरात त्याच्याशी त्याच्या भाषेत बोलणारी मी एकटीच, म्हणून मला मामाँ, आई, म्हणतो. उपमा पुढे केला.

वडील जोसेफ. बंदरावर कारकून. बंडवाले म्हणे लिहितावाचता येणाऱ्यांना वेचून मारतात. कारकून, मास्तर, ज्याच्या गळ्यात टाय तो.

टाय! मार्चमध्ये संत जोसेफच्या सणाला यानं वडिलांना इथून टाय पाठवला. दुकानात मला घेऊन गेला होता. विटकरी, बारीक रुपेरी रेघांचा. पाठीमागे मी निळ्या दोऱ्यानं 'J' भरून दिला, शेजारी एक इवलं पान. कॉन्व्हेंटातल्या सिस्टर आन्येसनी शिकवलेला टाका. त्या काम नेहमी उलटं करून बघायच्या. "मुलींनो, सुलटी बाजू पाहुण्यांसाठी, उलटी देवासाठी." गाठ दिसली की सगळं उसवायला लावत. किती रडलेय त्या व्हरांड्यात!

"काढून ठेवला असेल रे त्यांनी टाय," मी म्हटलं.

"बाबा? ते तापात पडले तरी टाय बांधतात." आणि हसला. मग हसू तोंडावर तसंच राहिलं.

रवि. ६ सप्टेंबर

खाली घरमालकीण फ्राउ केसेलकडे कॉफी आणि प्लमचा केक. त्यांचा मानफ्रेड आला होता, सत्तावीस वर्षांचा, उंचापुरा. र्युसेल्सहाइमचं मोटारीच्या कारखान्यातलं काम सोडून आला. काँगोला निघालाय, सरकारच्या बाजूनं भाडोत्री शिपाई म्हणून. फ्राउ केसेल रडल्या. नवरा युद्धात रशियात गेला तो आलाच नाही. मग डोळे पुसून मानफ्रेडला केकचा आणखी मोठा तुकडा वाढला.

"तिथं ऊन तरी असेल," मानफ्रेड म्हणाला. "इथं दिवसभर तेच एक दार बसवायचं. दार, दार, दार. माणसाला वेड लागतं, फ्राउ नेने."

मला वाटलं, एतियेन हे ऐकून पेटेल. तो खाली आला आणि त्यानं मानफ्रेडचा हात दोन्ही हातांत धरला. बराच वेळ सोडेना. हे लोक लवकर पोहोचले तर बाबा वाचतील, एवढंच त्याला दिसतं आहे. चिठ्ठीवर वडिलांचं नाव, गाव, बंदर लिहून दिलं.

मानफ्रेडनं चिठ्ठी वरच्या खिशात घातली. "तुझ्या पापाबरोबर बिअर पिऊनच परत येतो."

"ते बिअर पीत नाहीत."

"मग दोन्ही मी पितो!"

सगळे हसले. मीही.

जेवताना श्रीला सांगितलं. त्याचं डोकं सध्या प्रबंधात. "आई, आपण इथे भाडेकरू आहोत. घरमालकिणीचा मुलगा कुठे जातो, वरचा कुणाची वाट बघतो, तू कशाला त्यात?" असं बोलतो, आणि लहानपणी मुंगी मेली तरी हाच दिवसभर जेवत नसे.

रवि. १८ ऑक्टो.

फ्रा. केसेलबरोबर चर्चला गेले. मेणबत्त्यांचा वास आला की मी बारा वर्षांची होते.

दाराशी मिशनची पेटी. तिच्यावर गुडघे टेकलेलं प्लास्टरचं काळं पोर, हात जोडलेले. नाणं टाकलं की मान लववतं. मिनीला फारच आवडलं. "नोख माल, आजी, नोख माल!" पुन्हा, पुन्हा. मराठीत विचारलं तरी पोर जर्मनमध्येच बोलते. आम्हीही शाळेत चॉकलेटच्या चांद्या गोळा करून आफ्रिकेतल्या मुलांसाठी द्यायचो. आपण कुणावर तरी दया करू शकतो याचा केवढा आनंद व्हायचा.

मागे वळले तर रांगेत एतियेन. त्यानंही नाणं टाकलं. पोरानं मान लववली. यानंही उलट लववली, अगदी अदबीनं. फ्रा. केसेल म्हणाल्या, "किती गोड मुलगा!"

बुध. ११ नोव्हें.

आज सकाळी अकरा वाजून अकरा मिनिटांनी कार्निव्हलचा मोसम सुरू झाला. चौकात बँड. फ्रा. केसेल डोक्यावर कागदी टोपी घालून वर आल्या, हातात गरम बर्लिनरची, जॅम भरलेल्या तळलेल्या गोड पावांची, थाळी. "मानफ्रेडला आज घराची आठवण येणार बघा. अकरा-अकराला तो कध्धी चुकला नाही."

रेडिओवर: तुकडी नदीकाठानं वर सरकते आहे. पुढे जीपमध्ये गोरे, मागे सरकारी सैन्य, डोक्यावर विमानं. एतियेनच्या भिंतीवर नकाशा, त्यात टाचण्या. "आज किंवा उद्या आमच्या गावात पोहोचतील." किती महिन्यांनी नीट जेवला. दोन बर्लिनर खाल्ले, कॉलरवर जॅम. पुसून दिला.

मंगळ. २४ नोव्हें.

मोठं शहर पडलं. अमेरिकेच्या विमानांतून बेल्जियमचे सैनिक छत्र्यांनी उतरले. ते यायच्या आधी बंडवाल्यांनी ओलीस ठेवलेल्या गोऱ्यांना रस्त्यात आणून गोळ्या घातल्या. त्यांत नन्स होत्या, पांढऱ्या कपड्यातल्या. मला सारख्या सिस्टर आन्येस दिसत राहिल्या. चष्मा पुसताना पदर शोधल्यासारखं करायच्या.

एतियेन माझ्याजवळ बसला होता. म्हणाला, "त्यांची नावं रेडिओ सांगेल. बाकीच्यांना सफाई म्हणतील." तसंच झालं. 'परिसराची सफाई चालू आहे.'

मग त्याच्या गावाचं नाव आलं. एकदाच, ओघात. ते आधीच ताब्यात आलं आहे, प्रतिकार झाला नाही.

"प्रतिकार झाला नाही!" मिनीला उचलून गरागरा फिरवलं त्यानं. मी देवाला हात जोडले. कुठल्या देवाला, ते आता विचारायचं वय राहिलं नाही.

२० डिसें.

पत्र नाही. पोस्टमनच्या वेळी एतियेन जिन्यात उभा असतो, काही सांडल्यासारखा खाली बघत. प्रिंटन, इथले नाताळचे मसालेदार केक, आणून दिले. खाल्ले नाहीत, वास घेऊन ठेवले.

सोम. २२ फेब्रु. १९६५

मानफ्रेड आला. रापलेला, गालफडं बसलेली. हसतो तेव्हा डोळे हसत नाहीत. आईसाठी हस्तिदंताची माळ, मिनीला लाकडी हत्ती.

फ्रा. केसेलनी सगळ्यांना कॉफीला बोलावलं. एतियेन धावत खाली आला, दारातच थांबला. "माझे बाबा...?"

मानफ्रेड कोऱ्या चेहऱ्यानं बघत राहिला. मला स्पष्ट दिसलं, त्याला काही म्हणजे काही आठवत नव्हतं. मग, "आख् सो! तुझे पापा! हो, हो, भेटले की. बंदरावर. छान आहेत. नमस्कार सांगितलाय."

"टाय होता गळ्यात?"

"गेनाऊ, अगदी! एवढ्या उकाड्यात टाय! मी म्हटलं, वा, काय साहेब आहेत."

"आणि पत्र का नाही?"

"कसली पत्रं? तिथं पोस्ट जळलंय."

एतियेननं त्याला मिठी मारली. मानफ्रेडचे हात बाजूला लोंबत होते. मग एका हातानं त्यानं एतियेनची पाठ थोपटली, घोड्याला थोपटतात तशी.

जिना चढताना एतियेनची शिट्टी ऐकू आली. ऑगस्टनंतर पहिल्यांदा.

गुरु. २५ फेब्रु.

दार लावून घेतलं, मग लिहायला बसले.

आज फेट-डोनर्सटाग, कार्निव्हलमधला बायकांचा दिवस. बायका कात्री घेऊन फिरतात, दिसेल त्या पुरुषाचा टाय कापतात. फ्रा. केसेल दर वर्षी कापलेल्या टायची टोकं खालच्या बोळात दोरीवर टाचतात. पोस्टमनचा, खाटकाचा, चर्चमध्ये ऑर्गन वाजवणाऱ्याचा. सगळे मुद्दाम जुने टाय बांधून येतात. दुपारी शेजारणी जमल्या. एकीनं तोंडाला काजळी फासून, कमरेला गवत बांधून 'काँगो'चं सोंग केलेलं. माझ्याकडे बघून ओरडली, "फ्राउ नेनेंना रंगाचा खर्च नाही!" हसायचं असतं. हसले.

दोरीच्या टोकाला एक मळका तुकडा. लाल मातीनं कडक झालेला. विटकरी.

"हा मानफ्रेडचा," फ्रा. केसेल म्हणाल्या. "सगळ्यांत लांबून आलेला! अकरा-अकराला कापला त्यानं. माझं पोर तिथंही कार्निव्हल विसरलं नाही."

मानफ्रेड हातात बिअर घेऊन भिंतीला टेकला होता. मी विचारलं, कुणाचा?

"होता एक कारकून. आम्ही गावात शिरलो, सगळ्यांना रांगेत उभं केलं. हा एकटा रांग सोडून पुढे येतो. टाय उलटा करून नाकासमोर नाचवतोय, काहीतरी बडबडतोय. घ्या, घ्या, असं. म्हणून मी घेतला." बोटांची कात्री करून दाखवली. "पोरं हसून हसून लोळली."

"मग?"

"मग काय, फ्राउ नेने? रांग होती ना."

मी तुकडा उलटला. निळा J. शेजारी पान. कुठेही गाठ नाही.

तेवढ्यात बाहेरचं दार उघडलं. एतियेन, गळ्यात मुद्दाम जुना टाय, "मी आलो! कापा!" बायकांनी कल्ला केला. मी दोरीकडे पाठ केली, खांद्यावरची शाल मागे पसरली आणि भिंतीला चिकटून उभी राहिले. कात्री चालली. फ्रा. केसेल म्हणाल्या, सरका, टाचू द्या. मी म्हटलं, चक्कर येतेय. एतियेननंच खुर्ची आणली. म्हणाला, "मामाँ, हात किती गार!"

तो वर गेल्यावर तुकडा ओढून काढला. पोलक्यात घातला. मातीचे कण अजून टोचताहेत.

शुक्र. २६ फेब्रु.

श्रीला दाखवला. हातात घेऊन उलटसुलट केला. मग म्हणाला, "आई, जाळून टाक. एतियेनची जूनमध्ये परीक्षा आहे."

कोळशाच्या स्टोव्हचं झाकण उघडलं. परत लावलं.

बुध. ३ मार्च

राखेचा बुधवार. फ्रा. केसेल चर्चमधून आल्या, कपाळावर राखेचा क्रूस. बोळातली दोरी उतरवली. "मानफ्रेडचा तुकडा कुणीतरी पळवला हो! काय माणसं असतात!"

जिन्यात मानफ्रेडनं अडवलं. हळू बोलला. "तुम्ही घेतलात."

"तो एतियेनच्या वडिलांचा होता."

तो उभा राहिला. बघत होता माझ्याकडे, मग वरच्या दाराकडे. चिठ्ठी आठवली असावी. वरच्या खिशाकडे हात गेला. खिशात सिगारेटी होत्या. एक पेटवली.

"ठाऊक नव्हतं मला."

"विचारलं नाहीस."

"तिथं कुणी विचारत नाही." धूर सोडला. "आता काय, सांगणार त्याला? मी त्याला जिवंत बाप दिलाय. तुम्ही काय देणार? चिंधी?"

तो शेजारून खाली गेला, पायऱ्यांवर जडपणे.

सोमवारी परत काँगोला जातोय.

रवि. १४ मार्च

एतियेन आला. पाठीमागे हात. "डोळे मिटा, मामाँ."

उघडले तर मांडीवर नवा टाय. निळसर करडा.

"संत जोसेफचा सण आला. ब्रसेल्सचे एक फादर बुधवारी तिकडे निघताहेत, आमच्याच गावी. त्यांच्या हाती देतो. तोच निळा J हवा, पानासकट. आधीचा आता झिजला असेल ना?"

आत्ता सांगावं, असं मनात आलं. म्हटलं, "एतियेन..."

"थांबा, पुढचं ऐका! फादर ईस्टरनंतर परत येतील. बाबांचा फोटो काढून आणणार आहेत. या टायमध्ये."

मिनी मध्ये घुसली, टाय स्वतःच्या गळ्यात घातला, लाकडी हत्तीच्या घातला. एतियेन पोट धरून हसत होता. मी म्हटलं, दे, भरून ठेवते.

मंगळ. १६ मार्च

उद्या फादर निघणार. टाय आज हवा.

दुपारी जेवून खिडकीशी बसले. मिनी शाळेत, सून लता कामावर. Jचा दांडा झाला. हात बसलेलाच आहे, मन लागत नाही म्हणून बोटं थांबत नाहीत. टाका सुलटा पडतो आहे, उलटाही. सिस्टर आन्येसनी काय केलं असतं, ते मनाला विचारत बसले होते. त्यांनी म्हटलं असतं, उसव.

खालचं वळण राहिलं आणि सुईतला दोरा संपला. आणखी निळा दोरा डब्यात, रिळांच्या खाली. तिथेच तो तुकडा आहे.

डबा उघडला. तुकडा वर काढला, नव्या टायशेजारी ठेवला. दोन्ही उलटे. एक J पुरा, एक अर्धा. लाल माती टेबलक्लॉथवर सांडली.

वर दार वाजलं. शिट्टी. जिना उतरतो आहे, झालं का बघायला. डब्याचं झाकण माझ्या हातात आहे.