जिन्याखालच्या गाद्या

३ फेब्रु., मंगळ.
आज परत खालून जळका वास. वायर तापल्याचा. बिल्डिंगीचा मेन बोर्ड जिन्याखाली, आणि त्याला टेकवून दत्ताभाऊंच्या दुकानातल्या गाद्या, फोमचे रोल, कापसाची पोती. जिना एकच. आम्ही दुसऱ्या मजल्यावर. पॅरालिसिसपासून ह्यांची उजवी बाजू कामातून गेलेली, उतरायचं तर दोघांनी धरावं लागतं.
दत्ताभाऊंना म्हटलं, माल हलवा. "ताई, दुकान एवढुसं हाय. दोन दिवस कळ काढा." आणि हसले. हसण्यासारखं काय आहे त्यात?

७ फेब्रु., शनि.
कापूस पिंजायचं मशीन लावलं की बोर्डातला खटका पडायचा, सगळी बिल्डिंग अंधारात. आज कुणाला तरी आणून दत्ताभाऊंनी खटकाच काढून टाकला! वायर डायरेक्ट. "आता लाइट जायचं नाव न्हाई, ताई," असं मलाच कौतुकानं सांगतात. अहो, खटका पडत होता म्हणून तर आपण...
बिल्डिंगीचे मालक भोसरीला राहतात, त्यांना फोन केला. "ताई, तुम्ही अंगणवाडीत होता ना? लाइटीतलं तुम्हाला काय कळतं?"
सगळा जन्म दुसऱ्यांची लेकरं सांभाळली. एकच वाट आहे आणि तिच्यात कापूस भरलाय, हे कळायला काय शिकावं लागतं? फोन ठेवल्यावर सुचलं. नेहमीचंच.

१२ फेब्रु., गुरु.
घोडेगावचा वायरमन आणला, माझ्या ओळखीतला. बोर्ड बघूनच मागं सरकला. वायरीचं वरचं प्लास्टिक तपकिरी पडलंय म्हणाला. "पण मालक न्हाई म्हणतायत. दुसऱ्याच्या बोर्डाला मी हात न्हाई लावनार."
मग मीच पदर खोचला नि दोन गाद्या ओढून रस्त्यावर टाकल्या. दत्ताभाऊंची बायको धावून आली. "आमच्या मालाला हात लावायचा न्हाई! शिवरात्र तोंडावर आली, भीमाशंकरची गर्दी ह्याच रस्त्यानं, चार गिऱ्हाइकं येतील तर तुमचं आपलं..." मीही काय काय बोलले. वरून हे ओरडत होते, "अगं, वर ये." आख्ख्या शिनोली गावानं ऐकलं.
संध्याकाळी गाद्या परत आत.

२० फेब्रु., शुक्र.
लिहायला आज हात धजतोय.
परवा दुपारी गिरणीत होते. पोरीबाळी ओरडायला लागल्या, तुमच्या बिल्डिंगीतून धूर. पीठ तिथंच टाकून पळाले. जिन्याच्या तोंडातून काळा धूर, फोमचा, घसा धरणारा. हे वर एकटे. एक जण पाण्याची बादली घेऊन बोर्डाकडं धावला, त्याला धरलं. पाणी नको! लाइट बंद करायला सांगा आधी! कुणी ऐकतंय, कुणी मोबाईल धरून शूटिंग करतंय. लाज वाटायला पाहिजे.
मी आत शिरणार तर कुणीतरी दंडाला धरून मागं फेकलं. दत्ताभाऊ. दुकानातली घोंगडी टाकीत बुडवून डोक्यावर घेतली नि गेले वर. किती वेळ गेला माहीत नाही. मी नुसती जिन्याकडं बघत होते.
बाहेर आले ते ह्यांना पाठुंगळी घेऊन. वरून ओली घोंगडी. दोघं खोकत होते. दत्ताभाऊंच्या हातांची कातडी निघालेली.
हे मंचरला दवाखान्यात. धूर छातीत गेला, पण धोका नाही म्हणतात.

२७ फेब्रु., शुक्र.
हे घरी. आणि देवळापुढं आज दत्ताभाऊंचा सत्कार, शाल-श्रीफळ. मालक भोसरीहून आले, भाषण केलं: अशी माणसं आहेत म्हणून गाव आहे. टाळ्या. आग कशानं लागली, एक शब्द नाही! मला बोलायला लावलं. उठले, पट्टी बांधलेले ते दोन हात बघितले नि रडूच फुटलं. लोकांना वाटलं, उपकारानं. उपकार होताच की. पण चीडही होती, तितकीच.

६ मार्च, शुक्र.
जिन्याला रंग दिला. बोर्ड नवा, जागा तीच. आणि मशीनची वायर परत खटक्याशिवाय. आज फोमचा टेम्पोही आला.
ह्यांना म्हटलं, पंचायतीत अर्ज देते, दत्ताभाऊंचं नाव घालून. हे पहिल्यांदाच माझ्यावर एवढे चिडले. "त्यानं पाठीवर घेतलं म्हणून मी जिता हाये. त्याच्यावर अर्ज करशील?"
आणि तुम्हाला पाठीवर घ्यायची वेळ कुणी आणली? हे मात्र विचारायचं नाही. का नाही?

७ मार्च, शनि.
सकाळी दूध घेऊन परत आले तर दत्ताभाऊ एकटेच गादी ओढत होते. हात अजून बरे नाहीत, पकड बसत नव्हती. "ताई, जरा टोक धरता का?"
धरलं. ते जिन्याखाली ओढायला लागले, मी रस्त्याकडं.
"इकडं, ताई."
"तिकडं नाही, भाऊ."
मला वाटलं आता भांडण. पण त्यांना ओढवेना आणि मला सोडवेना. मग गादी तिथंच मधे टेकवली नि दोघंही तिच्यावर बसलो. त्यांच्या हाताच्या पट्टीतून पाणी येत होतं. पदरानं टिपलं.
म्हटलं, "उद्या मालक येणारेत. बोर्डाचं मी बोलणार आहे. तुम्ही माझ्या बाजूनं उभे राहाल?"
त्यांनी हात मागं घेतला नि रस्त्यावरच्या गाड्यांकडं तोंड केलं. मग म्हणाले, "ताई, दूध नासंल. जावा वर."
गादी अजून तिथंच आहे. खिडकीतून आत्ताच बघितलं.