बैलाला कळू नये म्हणून

मंगळवार, दिवेलागण

आमच्या दादासारखा शहाणा अख्ख्या शिरड शहापुरात सापडायचा न्हाई. आज जवळा बाजारचा व्यापारी आमचा म्हातारा बैल बांड्या न्यायला आला, तर दादा त्याच्याशी हळूहळू हिंदीत बोलून राहिला. "हिंदी काहून?" मी विचारलं. म्हणे, "मराठीत बोललं तर बैलाला बराबर समजतं. मग जागचा हलत न्हाई."

बैलाला कळू नये म्हणून हिंदी! आणि बांड्याला वासरापासून वाढवणारे बाबा शेजारीच बाजेवर बसलेले. त्यांना एका शब्दानं तरी विचारलं? बाबांना तर हिंदी चांगली कळते. ऐकत राहिले बिचारे, खाली मान घालून. बांड्या गुमान टेम्पोत चढला.

आत्ता तिसरी भाकर मोडता मोडता दादा विचारतो, "बाबा काहून जेवून न्हाई राहिले?"

बाबांचं ताट त्याच्यापुढं आदळलं. म्हटलं, "घे, हेबी तूच खा."