वेल्ह्यात ऑर्डर, सारोळ्यात बर्गर

मु. वेल्हे,
गुरुवार, दुपार

श्रीमान हनुमंतराव मेहुणे यांस,

कुंडलिकचा रामराम. इकडे आम्ही सगळे बरे आहोत, तुमची बहीण पारूबाई गुडघे धरून का होईना पण बरी आहे. तुमच्या कानातलं नवं यंत्र कसं चालतंय ते कळवावं. (फोनवर तुम्ही दर वाक्याला 'व्हय, व्हय' म्हणता, त्यावरून चालत नसावं. म्हणून पत्र लिहितो. शिवाय आमच्या घरात सध्या मोठ्यानं बोलायला बंदी आहे, तिचं कारण पुढे येईल.) तुमच्या मंडळींची, फुलाबाईंची, तब्येत कशी आहे? मंगळवारी दुपारी त्यांची एकाएकी जी धावपळ झाली, त्याबद्दल चार शब्द लिहायचे म्हणूनच बसलोय, पण ते सुरुवातीलाच लिहिलं तर तुम्ही पुढचं वाचणार नाही. तेव्हा क्रमाने घेतो.

आमची नात वैष्णवी नोकरीला लागली हे तुम्हाला ठाऊक आहेच. कुठं लागली, हे मात्र मला अजून नीट समजलेलं नाही. तुमच्या सारोळ्यात हमरस्त्याला बर्गरचं जे नवं दुकान झालंय, त्यात ती आहे. पण ती तिथं नसते. ती आमच्या माजघरात, धान्याच्या कणगीशेजारी खुर्ची टाकून बसते. (कंपनीचं नाव लिहीत नाही. गुपितं बाहेर सांगणार नाही अशा कागदावर पोरीनं सही केली आहे.) दुकानाच्या अंगणात म्हणे एक खांब आहे. गाडीवाला त्या खांबाजवळ गाडी थांबवतो, काच खाली करतो आणि खांबाला सांगतो की मला भूक लागली आहे. ते इथं वैष्णवीच्या कानाला लावलेल्या यंत्रात ऐकू येतं. ती म्हणते, नमस्कार, काय घेणार? मग ती इथं बटणं दाबते आणि तिथं सारोळ्यात पाव भाजला जातो. ती व्यवस्थित बोलते की नाही यावर शेफाली मॅडम म्हणून एकजण कान ठेवून असतात. त्या पुण्याच्या ऑफिसात असतील असं मी धरून चाललो होतो, तर त्याही आपल्या घरीच. म्हणजे खाणारा गाडीत, विचारणारी वेल्ह्यात, ऐकणारी तिसरीकडे. मग दुकानात कोण असतं, असं मी विचारलं. वैष्णवी म्हणाली, "आजोबा, पाव असतो ना."

आठवड्यातून एक दिवस, शुक्रवारी, तिला पुण्याला ऑफिसात जावं लागतं. तिथं जाऊन ती काय करते? तर तिथंही कानाला तेच लावून सारोळ्याच्या खांबाशीच बोलते. मग हे बोलणं पुण्यातून केलं तर अधिक गोड लागतं का? आपल्या लहानपणी चौथीच्या पुस्तकात एक कविता होती, तिच्यात सासुरवाशीण पाखराबरोबर निरोप धाडायची. गुरुजी ती म्हणताना डोळे मिटून घेत आणि मागच्या बाकावरची पोरं तेवढ्यात खिडकीतून पसार होत. मी नाही झालो. मला तेव्हाही वाटायचं, पाखराला पत्ता कसा कळत असेल? आज माजघरात पोरगी भिंतीकडे बघून 'चीज घालू का?' असं विचारते, तेव्हा तोच प्रश्न पुन्हा पडतो आणि माझी तंद्री लागते. मग पारूबाई हातातली पळी दाखवते. (वाजवत नाही. त्यालाही बंदी आहे.)

कारण नियमच तसा आहे. गिऱ्हाइकाला घर ऐकू जाता कामा नये. सकाळी अकरा ते संध्याकाळी सात कुकर नाही, कोंबड्या परड्यात, आणि माझं कविता म्हणणं पार बंद. मी पहिल्याच आठवड्यात विसरलो. एकदा एका गाडीवाल्यानं कोल्ड्रिंक मागितलं आणि त्याला माझ्या तोंडून श्रावणातल्या उन्हाचं वर्णन ऐकू गेलं. त्याची तक्रार झाली. दुसऱ्यांदा म्हैस ओरडली, ती दुसरी. तिसरी तक्रार झाली की घरून काम बंद, रोज पुण्यात, म्हणजे पोरगी तिकडेच खोली घेऊन राहणार. मुलगा आणि सून दिवसभर शेतावर, घरात आम्ही दोन म्हातारी आणि एक कणगी. वैष्णवीलाही जायचं नाही. शेळीच्या करडाला मांडीवर घेऊन ती आजीला म्हणाली, "मला हितंच बरं वाटतं गं." त्यावर तुमची बहीण माझ्याकडे बघून म्हणाली, "आवं, तुमी तेवढं तोंड सांभाळा. म्हशीला म्या सांभाळते."

आता मंगळवार. दुपारी एकच्या सुमाराला लाईट गेली, आणि लाईटबरोबर ते वायफाय. वैष्णवी मोबाईल घेऊन रेंजसाठी वरच्या टेकाडावर पळाली. जाताना मला म्हणाली, "आजोबा, हितं बसा, कशाला हात लावू नका, मी मॅडमला कळवून येते." मी बसलो. हात लावला नाही. ते कानातलं यंत्र फक्त उचलून बघितलं, ते कानावर ठेवल्यावर कसं लागतं म्हणून ठेवलं. तेवढ्यात लाईट आली. आणि कानात एक माणूस म्हणाला, हॅलो, कोणी आहे का?

हनुमंतराव, तुम्हीच सांगा. दारात माणूस येऊन 'कोणी आहे का' म्हणतोय आणि आपण घरात असून गप्प राहायचं, हे आपल्या सात पिढ्यांत कोणी केलंय का? मी म्हटलं, आहे, या. मग गाव विचारलं. तो जरा घोटाळला, पण पुण्याचा म्हणाला. मूळचे कुठले, तर माहीत नाही. (हल्ली पुष्कळांना माहीत नसतं.) तेवढ्यात मागच्या सीटवरून एक म्हातारी बोलली, "कोण बोलतंय वं? आपल्याकडचं दिसतंय." सगुणाबाई नाव. माहेर पासलीचं! म्हणजे आमच्याच डोंगराच्या पलीकडचं. भाऊ कोण, वहिनी कुठली, वाट कधी डांबरी झाली, सगळं निघालं. ती म्हणाली, सकाळपासून पोटात काही नाही, आणि ह्यो पाव माझ्या दातांना व्हायचा न्हाई. माहेरवाशीण उपाशी. मी काय करायला हवं होतं? मी म्हटलं, तिथंच बसू नका, गाडी नीरेच्या पुलाकडे घ्या, अलीकडच्या बोळात निळ्या पत्र्याचं घर आमच्या मेहुण्यांचं. कुंडलिकनं पाठवलं म्हणून सांगा. फुलाबाईंच्या हातचं पिठलं-भाकरी खा आणि मग पुढे जा.

ती गाडी गेली आणि तिच्या मागची पुढे आली. आता पहिल्याला घरी पाठवायचं आणि दुसऱ्याला पाव खायला लावायचा, हा पंक्तिप्रपंच माझ्याच्यानं झाला नाही. म्हणून त्यांनाही तोच पत्ता दिला. तिसरी गाडी येईपर्यंत वैष्णवी धापा टाकत दारात उभी होती. ती ओरडलीसुद्धा नाही, नियम आहे ना. तिनं नुसते हात जोडले. मी तिसऱ्यांचं बोलणं आवरतं घेतलं, फक्त पत्ता सांगितला.

पोरगी त्या दिवशी जेवली नाही. गिऱ्हाईक दुकानातून उपाशी दुसरीकडे पाठवणं ही तक्रारीपेक्षा मोठी गोष्ट असते म्हणे. पारूबाईनं फुलाबाईंना फोन लावला, तर त्या एवढंच म्हणाल्या, "सध्या घरात लई माणसं हाईत, मागून बोलते," आणि ठेवला. मग काल शेफाली मॅडमचा फोन आला. सारोळ्याच्या दुकानाला तिन्ही गाड्यांनी मोबाईलवर पाच-पाच चांदण्या दिल्या होत्या. एकानं लिहिलं होतं, भाकरी गरम आणि आग्रह फार. दुसऱ्यानं लिहिलं, ठेचा अप्रतिम, फक्त पाणी मागावं लागलं. (हे फुलाबाईंना वाचून दाखवू नये.) कंपनीनं म्हणे सकाळभर दुकानाच्या स्वयंपाकघरात पिठल्याचं भांडं शोधलं. शेवटी मॅडमनी खांबावरचं सगळं बोलणं पुन्हा लावून ऐकलं, सगुणाबाईंच्या भावकीसकट. आता ही तक्रार धरायची की शाबासकी, हे त्यांना ठरवता येईना. आज संध्याकाळपर्यंत कळवते म्हणाल्या.

तेव्हा वैष्णवीचं काय होतं ते अजून अधांतरी आहे. तिनं कपड्यांची बॅग पलंगाखालून काढून ठेवली आहे, भरलेली नाही. मी तिच्याकडे बघत नाही, ती माझ्याकडे बघत नाही, आणि दोघंही म्हशीकडे बघतो. फुलाबाईंनी अकरा माणसांना न विचारता पाट मांडला, याबद्दल त्यांचे आभार मानायला मला शब्द नाहीत, आणि शब्द सुचले तरी सातच्या आत म्हणता येणार नाहीत. लहानांस आशीर्वाद, मोठ्यांस दंडवत.

आपला,
कुंडलिक

ता. क. पत्र पाकिटात घालणार तोच मॅडमचा फोन आला. वैष्णवीचं घरून काम चालू राहील. तिची चूक नव्हती असं त्यांनी मान्य केलं. अट एकच. महिनाभर कामाच्या वेळात घरात 'तो आवाज' असता कामा नये. म्हैस चालेल. पारूबाईला याचं इतकं हसू आलं की तीच तिसरी तक्रार व्हायची. तेव्हा सोमवारच्या एसटीनं मी नसरापूरवरून तुमच्याकडे महिनाभर मुक्कामाला येतो आहे. फुलाबाईंना हे बेतानं सांगावं.

ता. क. दुसरा. वैष्णवीनं आज आपणहून माझी बॅग भरून दिली. तिच्यात स्वेटरही ठेवला, तुमच्याकडे थंडी नसताना. मग बराच वेळ उंबऱ्यावर बसून होती. मी तिला विचारलं, मी सारोळ्यात त्या खांबाजवळ येऊन उभा राहिलो तर तू बोलशील का? ती म्हणाली, आजोबा, पायी येणाऱ्याची ऑर्डर खांबावर घेत नाहीत, गाडी लागते. म्हणून खरं काम असं आहे: तुमचा ट्रॅक्टर मला रोज दुपारी थोडा वेळ हवा, आणि तो चालवायला तुम्ही. ट्रॅक्टर चालतो का, हेही मी तिला विचारलं. असा प्रश्न आजवर कोणी विचारला नाही म्हणाली.

ता. क. तिसरा. मी समजत होतो की खांब तिच्या एकटीचा आहे. तसं नाही. अशा पाच-सहा पोरी आपापल्या घरी बसलेल्या असतात, आणि जी मोकळी असेल तिच्या कानात माणूस जातो. म्हणजे आपल्याला नेमकी वैष्णवीच लागेल असं नाही. ती लागेपर्यंत पाव घ्यायचा आणि वळसा घालून पुन्हा रांगेत लागायचं. तेव्हा डिझेल भरून ठेवावं.