बसल्या जागी चालण्याचा विमा

तीर्थस्वरूप वहिनी,

धाकट्या दिराचा (जो आता कुठल्याही बाजूने पाहिला तरी धाकटा दिसत नाही) वाकून नमस्कार. वाकून हे आपलं लिहायची रीत म्हणून. प्रत्यक्षात हल्ली मी गुडघ्यापर्यंतच पोचतो. तुझ्या डोळ्याचं ऑपरेशन नीट झालं हे फोनवर कळलं, पण वाचायची परवानगी मिळाली की नाही ते कळलं नाही, म्हणून अक्षर मोठं काढतोय. मिळाली नसेल तर थांब, पण शेजारणीकडून वाचून घेऊ नकोस. आमच्याकडे सगळे बरे आहेत. सगळे म्हणजे तुझी जाऊ बरी आहे, आणि मी आहे.

मी जाड झालोय हे मला आरशाने नाही, गॅरेजवाल्याने सांगितलं. आमच्या ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत शिकणारा एका बाजूला बसतो आणि मी दुसऱ्या, माझ्या पायाशी जादाचा ब्रेक आणि क्लच. तर माझ्या बाजूचे टायर पलीकडच्यांपेक्षा फार लवकर झिजतात, हे त्याच्या ध्यानात आलं. या बाजूला काही सामान ठेवता का, असं त्याने अगदी अदबीने विचारलं. मी हो म्हणालो. काय सांगणार! ही गोष्ट गंमत म्हणून घरी सांगितली तर तुझी जाऊ हसली नाही, दुसऱ्या दिवशी मला डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी वजनकाट्यावर उभं केलं, काट्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग पुन्हा काट्याकडे, जणू दोघांपैकी एक जण थाप मारतोय. त्यांनी वजन कमी करण्याचा एक कार्यक्रम सुचवला. म्हणजे फोनवर एक अ‍ॅप, आणि आठवड्यातून एकदा एका हॉलमध्ये आमच्यासारख्या भरदार मंडळींची बैठक. फी ऐकूनच मी थोडा वाळलो. पण तुझी जाऊ (जी औषधाच्या बाटलीवरचं बारीक अक्षरही सोडत नाही) विमा कंपनीला फोन करून मोकळी झाली. आपल्या आरोग्य विम्यात ही फी परत मिळते म्हणे. अट एवढीच की दर आठवड्याला पुरेसं चालणं अ‍ॅपमध्ये दिसलं पाहिजे आणि तीन महिन्यांनी वजन उतरलेलं दिसलं पाहिजे.

आता वहिनी, तुला माहीत आहे, मी सकाळपासून संध्याकाळपर्यंत गाडीत बसून असतो. चालायचं कधी? पहिल्या दिवशी मी घरातून गाडीपर्यंत आणि गाडीतून घरापर्यंत चाललो, आणि मान खाली घालून अ‍ॅप उघडलं. तर काय, रंगीत कागदांचा पाऊस, आणि अभिनंदन! मी काही हजार पावलं चाललो होतो. मला वाटलं, चुकून दुसऱ्या कोणाची पावलं माझ्या खात्यात पडली. दुसऱ्या दिवशी तेच. तुझी जाऊ इतकी खूश झाली की तिने माझ्यासाठी चालायचे बूट आणले (ते घालून मी गाडीत बसायचो). उलगडा झाला तो प्राचार्यबाईंच्या तासाला. या आमच्या एक विद्यार्थिनी, एका शाळेच्या निवृत्त प्राचार्या, नवरा गेल्यावर गाडी शिकायचीच असा निश्चय केलेल्या. सगळ्या शाळेला धाकात ठेवलेली बाई, पण क्लच काही त्यांचं ऐकत नाही. त्या पाय एकदम सोडतात, गाडी बेडकासारखी उड्या मारत जाते, आणि माझ्या खिशातला फोन प्रत्येक गचक्याला एक पाऊल धरतो! चौकात गाडी तीनदा बंद पडली तेव्हा खिशातून अभिनंदनाची घंटा वाजली. मला सगळा प्रकार समजला.

इथे मी शहाण्यासारखं अ‍ॅप बंद करायला हवं होतं. मी काय केलं? प्राचार्यबाईंना चढावर गाडी थांबवून पुन्हा चालू करायचा जास्तीचा सराव दिला. त्यांना वाटलं, किती मन लावून शिकवतात! त्यातून आणखी एक भानगड झाली. तुम्ही भरपूर चाललात की ते अ‍ॅप तुम्हाला थोडं जास्त खायची मुभा देतं. मी त्या मुभेतला एक कणही वाया जाऊ दिला नाही. हॉलमधल्या बैठकीत सगळे टाळ्या वाजवत होते, एका शिंपीमावशींनी तर मला पायाला लावायचं मलम आणून दिलं, एवढं चालणाऱ्या माणसाचे पाय दुखत असतील म्हणून. ते मलम अजून कपाटात आहे. त्याच्याकडे बघवत नाही.

मग विमा कंपनीचा फोन आला. एवढं चालणाऱ्या माणसाचं वजन वाढतं कसं, हे त्यांना समजून घ्यायचं होतं. त्यांच्या मते माझा फोन दुसरंच कोणीतरी घेऊन पळत होतं. ऑफिसात येऊन भेटा म्हणाले. गेलो. हातांची खुर्ची होती. बसताना बसलो, पण अधिकारी बाई आल्या म्हणून उठलो तर खुर्चीही माझ्याबरोबर उठली. त्या बाई बिचाऱ्या हसल्या नाहीत. पलीकडून येऊन त्यांनी खुर्ची धरली, मी तिच्यातून बाहेर निघालो, आणि त्यानंतर माझ्याच्याने खोटं बोलवेना. सगळं सांगून टाकलं. त्यांचा विश्वास बसेना. मी म्हटलं, गाडी खालीच आहे, आणि प्राचार्यबाईही गाडीत आहेत, त्यांच्या तासाची वेळ झाली म्हणून त्यांना घेऊनच आलो होतो. या, बसा.

अधिकारी बाई मागे बसल्या, स्वतःच्या फोनवर तेच अ‍ॅप उघडून. प्राचार्यबाईंना काही कल्पना नव्हती; त्यांना वाटलं, नवीन विद्यार्थिनी आहे, म्हणून जरा रुबाबात सुरुवात केली. इमारतीला एक फेरी होईपर्यंत अधिकारी बाईंचा चष्मा नाकावरून मांडीवर आला आणि त्यांचा फोन त्यांची वाहवा करायला लागला. त्या हसायला लागल्या त्या थांबेचनात. प्राचार्यबाईंनी गाडी कडेला घेतली (पहिल्यांदाच गचका न देता) आणि काय चाललंय ते विचारलं. सांगावं लागलं.

"म्हणजे इतके दिवस तुम्ही माझ्या क्लचवर चालत होता?" त्या म्हणाल्या.

मी मान खाली घातली. मला वाटलं, आता उठाबशा काढायला लावतील (त्यात निदान वजन तरी उतरलं असतं). पण त्यांनी एवढंच विचारलं, की इतका सगळा खटाटोप मुळात कशासाठी करत होतात? पैसे परत मिळावे म्हणून, की बरं व्हावं म्हणून? आणि वहिनी, मी एकदम म्हणालो, माझा भाऊ ज्या वयाला गेला त्या वयाचा मी येत्या महिन्यात होतोय. हे मी घरीही कधी बोललो नव्हतो. मागून अधिकारी बाईंनी हळूच विचारलं, हृदयाचं होतं का? मी हो म्हटलं. तेव्हा त्यांनी समजावून सांगितलं, की हौसेने वजन उतरवणाऱ्याला ते पावलांचे नियम. घरात हृदयविकार असेल, आणि तसं डॉक्टरांनी लिहून दिलं, तर हा कार्यक्रम उपचार धरला जातो. मग कंपनी सगळा खर्च देते, पावलं मोजत बसत नाही.

त्या दिवसापासून प्राचार्यबाईंनी नियम केला आहे. आधी त्या मला त्यांच्या शाळेच्या मैदानाला फेऱ्या मारायला लावतात, आणि मगच गाडीत बसतात. फोन त्यांच्या पर्समध्ये, जप्त. वजन थोडं उतरलं आहे. फार नाही, पण हातांची खुर्ची आता माझ्याबरोबर उठत नाही. तेव्हा काळजी करू नकोस, डोळे जप, थेंब वेळेवर घाल. घरातल्या सगळ्यांचा, म्हणजे आम्हा दोघांचा, तुला नमस्कार.

तू चौथीपासून पोसलेला,
तुझा दीर

ता. क. वहिनी, पत्र लिहायला बसलो ते खरं तर एवढंच विचारायला. डॉक्टर लिहून द्यायला तयार आहेत, पण त्यांना काही गोष्टी माहीत हव्यात. दादाला आधीपासून काही होत होतं का? जिना चढताना तो थांबायचा का? तुला काही सांगून, बाकीच्यांना सांगू नको असं म्हणाला होता का? आम्ही कोणी तुला हे कधी विचारलं नाही. तुला त्रास होईल म्हणून, असं आम्ही आपापसात म्हणतो. खरं म्हणजे आम्हालाच ऐकायची भीती वाटत होती.

आणखी ता. क. विम्यासाठी म्हणून सांगू नकोस. कंपनीने खर्च दिला काय आणि न दिला काय, मी चालणारच आहे. पण हल्ली जिन्यात मधेच मीही थांबतो. रेलिंगला हात लावून, कोणाची तरी वाट पाहतोय असं दाखवतो. हे तुझ्या जावेला अजून सांगितलेलं नाही.

शेवटचा ता. क. मी पाकीट शोधत होतो तेवढ्यात तुझ्या जावेने वरचं सगळं वाचलं. फोन उचलून उद्या सकाळची डॉक्टरांची वेळ घेतली, आणि मग म्हणाली, अशा गोष्टी पत्रात विचारतात का कधी? त्यामुळे रविवारी आम्ही दोघं येतोय. पत्र तरीही टाकतोय, म्हणजे तुला आधी कळलेलं असेल आणि मला दारात उभं राहून विचारावं लागणार नाही. आम्ही येणार म्हणून तू <u>खाण्यापिण्याचा काहीही घाट घालायचा नाही</u>, हे ठळक लिही म्हणाली. लिहिलं. खालची रेघ तिने मारली आहे, मी नाही.