सहा एकरांचे चोवीस हिस्से

अब्बा, तुम्हाला जाऊन बावीस वर्षं झाली. मी मराठीत लिहितोय आणि तुम्हाला मराठी वाचता येत नव्हतं. तुमची शाळा निजामाच्या वेळची, उर्दूची. घरात आपण दखनी बोललो, शाळेत मी मराठी शिकलो आणि आता तीच शिकवतो, त्यामुळं मनाशी भांडायचं असलं की मला हीच भाषा सुचते. आज तुमच्याशीही थोडं भांडायचं आहे. थोडंच. जास्त माझ्याशी.

पुढच्या महिन्यात मी आणि तुमची सून हजला निघालोय. त्यासाठी वसमतला एक शिकवणी वर्ग होता. एहरामची बिनशिवलेली वस्त्रं कशी बांधायची, तंबू हरवला तर काय करायचं, असं सगळं. शेवटी मौलाना म्हणाले, हजनं अल्लाहच्या हक्कातल्या चुका माफ होतील, पण माणसाचा हक्क दाबला असेल तर तो त्या माणसालाच परत द्यावा लागेल. बहिणींचे हिस्से देऊन या. माझ्या पुढच्या खुर्चीवर हट्टा गावचे एक म्हातारे शेतकरी होते. ते म्हणाले, "आमच्या बहिणींनी बापासमोरच सोडून दिलं, मौलाना. राजीखुशीनं." मौलानांनी विचारलं, "बाप जिवंत होता तेव्हा?" "व्हय तर. त्याच्याच समोर." मौलाना हसले. "बाप जिवंत हाय तवर वारसाचं काही नसतंच, चाचा. मग त्यांनी सोडलं काय? पेरणी झाली न्हाई अन् खळं वाटून मोकळे झाले तुमी." सगळे हसले. मीही हसलो. मग माझे कान गरम झाले.

ती दुपार मला पुन्हा दिसायला लागली. बहिणीच्या लग्नाला आठ दिवस आहेत. तुम्ही पडवीत खाटेवर बसला आहात, शेजारचे दोघं साक्षीला आलेत. स्टँपपेपर तुम्ही तालुक्याहून आणलाय आणि लिहायला मला बसवलंय, कारण मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे आणि माझं अक्षर चांगलं आहे. तुम्ही दखनीत सांगताय, मी मराठीत उतरवतोय. बापाच्या मागं शेतजमिनीत मी हिस्सा मागणार नाही, असं बहिणीच्या नावानं. मग तुम्ही तिला हाक मारता. ती चुलीपुढून भाकरी टाकून येते, हाताला ज्वारीचं पीठ. तुम्ही म्हणता, "दस्तखत कर, बेटा." ती विचारतसुद्धा नाही कशावर. अम्मी आतून सांगते, खेत का है. तेव्हा ती म्हणते, "मेरेकू नक्को अब्बा, सब भाईकू दे दो," आणि सही करून परत भाकरी उलटायला जाते, कारण ती करपायला लागली होती. लग्नात तुम्ही तिला पायाचं शिवणयंत्र दिलंत आणि पाहुण्यांसमोर म्हणालात, हाच हिचा हिस्सा.

त्या कागदात एक ओळ आहे: 'कोणाच्याही दबावाशिवाय, पूर्ण विचार करून'. ती तुम्ही सांगितली नव्हती. असे कागद मी पाहिले होते, त्यात ही ओळ असते, म्हणून मी ती घातली. एकोणीस वर्षांची पोरगी, पिठाचे हात, आणि पूर्ण विचार करून. तुम्ही गेल्यावर रान माझ्या नावावर करायला हाच कागद मी तलाठ्यापुढं ठेवला. चावडीवर नोटीस लागली. हरकत कोण घेणार? ती सासरी पुसेगावात, तिच्या मांडीवर सहा महिन्यांचं लेकरू.

वर्गावरून परतल्यावर मी वहीच्या मागच्या पानावर हिशेब मांडला. तुमचे सहा एकर, म्हणजे दोनशे चाळीस गुंठे. शरियतप्रमाणं बायकोला आठवा हिस्सा, उरलेल्यात मुलाला दोन आणि मुलीला एक. सगळे पूर्ण आकड्यांत यावेत म्हणून चोवीस हिस्से केले: अम्मीचे तीन, माझे चौदा, तिचे सात. दहा दहा गुंठ्यांचा एक हिस्सा. पुढं अम्मीही गेली, तिचे तीस गुंठे पुन्हा आम्हा दोघांत दोनास एक. बेरीज केली तर तिचे बरोबर दोन एकर झाले. इतकं सरळ उत्तर येईल असं मला वाटलं नव्हतं. मी पुन्हा करून पाहिलं. खरं सांगायचं तर कुठं चूक सापडते का, हेच पाहत होतो.

तुम्हाला हे ठाऊक नव्हतं का, हा प्रश्न मला सोडत नाही. बकरी ईदला तुम्ही मटणाचे तीन वाटे तराजूनं करायचात. घरचा, पाहुण्यांचा, गरिबांचा. मी बारा वर्षांचा असताना गरिबांच्या वाट्यात हाडं सरकवली होती. वजन तेवढंच भरलं होतं. तुम्ही ओरडला नाहीत. माझा हात मनगटापाशी धरून घरच्या वाट्यातलं काळीज उचलायला लावलंत आणि त्या परातीत टाकायला लावलंत. अम्मी म्हणाली, लेकराला आवडतं ते. तुम्ही म्हणालात, म्हणूनच. असा माणूस पोरीच्या बाबतीत तो कागद का करतो? मला एकच उत्तर सुचतं. जमीन जावयाच्या घरी जाईल, रानात परका माणूस येईल, ही भीती. ती भीती मला समजते, कारण तीच माझ्यातही आहे. पण समजते म्हणून ती बरोबर ठरत नाही, हे वर्गात मुलांना मी सहज सांगितलं असतं.

तुमच्या सुनेला सांगितलं तेव्हा ती तांदूळ निवडत होती. "कागद हाय ना?" म्हणाली. मी म्हणालो, कागद चालत नाही. "बावीस वर्षं चालला की." मग सूप खाली ठेवून म्हणाली, "तिनं कधी मागितलं? हिस्सा नेला की माहेर तुटतं, हे तिला बी कळतं. तुमालाच काहून सुचून राहिलं?" त्यावर माझ्याकडं उत्तर होतं, तरी मी दोन महिने काही केलं नाही. रोज डायरीत लिहीत होतो, उद्या जातो.

हजला निघताना घरोघर जाऊन 'कहा-सुना माफ करना' म्हणायची आपली रीत. त्या निमित्तानं मी परवा पुसेगावला गेलो. ती ओट्यावर लोणच्याच्या कैऱ्या फोडत होती, नवरा गावात गेला होता. मला पाहून म्हणाली, "या हाजीसाब. आता तुमच्याशी बोलायला बी नमाजासारखे हातपाय धुऊन वजू करावा लागंल." मी बसलो. चहा आला. मी ते ठरलेलं वाक्य म्हटलं. ती कैरीवरून नजर न काढता म्हणाली, "माफ. सगळं माफ. चौथीत माझी कंपासपेटी नेली ती बी माफ."

इथं उठता आलं असतं, अब्बा. चपला समोरच होत्या. माफी मिळाली होती, तिच्याच तोंडून, हसत. पण काय माफ करतोय हे माणसाला माहीतच नसेल तर ती माफी आणि तुमच्या खाटेसमोरची ती सही यांत फरक काय, हे माझ्या डोक्यातून जाईना. मी म्हणालो, "थांब. काय माफ केलं ते आधी ऐक." आणि सांगितलं. मौलाना काय म्हणाले ते, चोवीस हिस्से, दोन एकर.

तिच्या हातातला अडकित्ता थांबला नाही. दोन कैऱ्या झाल्यावर तिनं विचारलं, "म्हणजे ते माझं होतं?"

"व्हय."

"अब्बाला माहीत होतं?"

"सांगता येत न्हाई."

"तुला?"

"मला दोन महिने झाले."

"दोन महिने." तिनं कोय काढून बाजूला टाकली. "आमी सात वर्षांपासून दुसऱ्याचं रान बटईनं करून राहिलो, भाई. अर्धा माल त्याच्या घरी टाकून येतो. तुला माहीत हाय ना?"

मला माहीत होतं. मी कपात पाहत बसलो. चहा संपला होता तरी कप सोडला नाही.  तिनं पदरानं हात पुसले आणि म्हणाली, "दे मग."

मी मान हलवली.

"अन् मघाची माफी वापस. मोजणी होऊ दे, माझं नाव लागू दे, मग बघू." थोडं थांबून, दुसरीकडं बघत तिनं विचारलं, "ईदला घरात घेताल ना?"

"येडी हायस का," मी म्हणालो. ते घरी बायकोला विचारून आलो नव्हतो.

निघताना ती दारापर्यंत आली. "कोणती बाजू देतो? मला काही ठावं न्हाई, लग्नानंतर मी रानात पाय ठेवला न्हाई. चांगली कोणती ते तूच सांग." मी म्हणालो, विहिरीकडची. तिथं हळद येते. नाल्याकडचे तीन एकर मुरमाड आहेत. ती म्हणाली, "मग दोन्हीकडचा एक एक दे. मला तुझी सगळी विहीर नको."

मोजणीचा अर्ज काल दिला. तारीख आम्ही परतल्यावरची मिळेल असं दिसतं, म्हणजे मी तिच्या माफीशिवाय जाणार. हे पत्र कुठं पाठवायचं नाही, डायरीतच राहील, म्हणून शेवटचं तेवढं लिहून ठेवतो. ती 'राहू दे भाई' म्हणेल, म्हणून मी तो रिकामा कप धरून बसलो होतो. आणि तसं नाहीच म्हणाली तर काय द्यायचं, तेही तिच्याकडं जाताना वाटेतलं सेनगाव मागं पडायच्या आत माझं ठरलेलं होतं. नाल्याकडचे दोन एकर.