थांबलेला राब

म्हसा, ता. मुरबाड
दि. २३ एप्रिल २००६

तीर्थस्वरूप देवरामकाकांना समीक्षाचा साष्टांग नमस्कार.

आपल्या दोन घरांत हाकेचं अंतर, आणि ही पोरगी पत्र कसलं पाठवते, असं वाटेल तुम्हाला. तोंडावर बोलायचं धाडस नाही म्हणून लिहिते आहे. दोन्ही घरी येणाऱ्या मंगळीच्या हाती देते. गिरजाकाकूंना वाचून दाखवा, पण आधी एकट्याने वाचा.

इकडे सगळे बरे आहेत. माझ्या डोळ्यांचं कळलंच असेल. वाशिंदला कंपनीत लागल्यापासून चष्मा घालवायचं मनात होतं, ते गेल्या आठवड्यात ठाण्याला जाऊन उरकलं. लेझरने डोळा जेमतेम दहा मिनिटांत होतो, त्रास नंतरचाच. दिवसातून चार वेळा थेंब, रात्री डोळ्यांवर प्लास्टिकच्या वाट्या चिकटवून झोपायचं, तोंडाला पाणी नाही, डोळा चोळायचा नाही, आणि धूळ-धूर तर अजिबात नाही. आईने चूल मागच्या पडवीत हलवली आणि मला रोज ऐकवते. काळा गॉगल लावून ओट्यावर बसले तर महादूदादा रस्त्यावरून ओरडला, "शूटिंग कवा हाय गो?"

पण काका, काय दिसतंय म्हणून सांगू! तुमच्या आंब्याची पानं सुटी सुटी दिसतात. काकूंच्या दोरीवरच्या लुगड्याचे काठ दिसतात. ओट्यावर बसून मी दिवसभर तुमच्याच घराकडे बघत असते, रागावू नका.

तशीच बघत असताना तुमचा भाताच्या रोपांसाठी रचलेला राब दिसला. गावातल्या सगळ्यांचे राब भाजून झाले, नुसते काळे चौकोन उरलेत. तुमचा एकट्याचा तसाच. शेण, कवळाच्या डहाळ्या, पाला, वर माती, सगळं रचून तयार आणि आग नाही. मी म्हटलं, काकांना या वर्षी आळस आला की काय. मंगळवारी ढग भरून आले तेव्हा तुम्ही आणि काकू प्लास्टिक घेऊन धावलात, वाऱ्यात ते उडत होतं, काकू एका कोपऱ्यावर चक्क बसल्याच. मला हसू आलं. राब भिजला तर भाजायचा कसा आणि रोपं टाकायची कुठे, एवढं मलाही कळतं. मग आधीच भाजून मोकळे का झाला नाहीत?

संध्याकाळी मंगळीने सांगितलं. बोअरिंगवर काकू तिला म्हणाल्या होत्या, "वारा त्यांच्या घराकडं हाय. पोरीचं डोले बरं होव दे, मंग भाजू."

काका, मी त्यानंतर खूप रडले. डॉक्टरांनी रडू नका म्हणून सांगितलं होतं की नाही, आठवत नाही.

आता जे सांगायचं ते सांगते. बारा वर्षांपूर्वी, तुम्हा दोघा भावांच्या वाटणीनंतर बांधावरचा हद्दीचा दगड सरकला, तेव्हा अण्णांनी मला विचारलं होतं, "बांधावर कोन होता?" मी दहा वर्षांची. ओट्यावरून मला एक पांढरा ठिपका वाकलेला दिसला होता. अण्णांचा चेहरा बघून मी म्हटलं, देवरामकाका. चार माणसं बसली, कुणीतरी मला बोलवा म्हणालं. तेव्हा तुम्ही काय म्हणालात ते मी दाराआडून ऐकलं, "पोर खोटा नाय बोलायची. तिला नका इचारू." आणि उठून गेलात. त्या दिवसापासून दोन घरं बोलत नाहीत.

पुढच्या वर्षी शाळेत डोळे तपासले आणि मला चष्मा लागला. घरी येऊन मी ओट्यावर उभी राहिले, चष्मा लावून बांध पाहिला, मग काढून पाहिला. चष्म्याशिवाय माणूस की जनावर, तेही कळेना. त्या दिवशी मला सगळं समजलं होतं, काका. तरी मी अकरा वर्षं गप्प राहिले. दगड कुणी सरकवला मला आजही ठाऊक नाही. तुम्ही होतात असं मी पाहिलं नव्हतं, एवढंच ठाऊक आहे. तुमच्याएवढं मोठं मन मी दुसऱ्या कुणाचं पाहिलं नाही, आणि त्याच माणसावर मी हा डाग ठेवला. मला माफ करा.

आज सकाळी अण्णांना हे सगळं सांगितलं. मारतील असं वाटलं. ते उठून दारात गेले. मग विचारलं, "दादानं राब भाजला?" मी म्हटलं, नाही. म्हणाले, "येकट्याला आग नाय आवरायची." आणि कोयता घेऊन गेले.

काल डॉक्टरांनी डोळे तपासले, सगळं ठीक आहे. आज तुम्ही राब भाजा. मी दारं-खिडक्या लावून आत बसेन.

पण जरा लवकर बाहेर या. आग झोडायला ओल्या डहाळ्या घेऊन बांधावर एक माणूस मघापासून उभं आहे. पलीकडे यायचा त्याला धीर होत नाही. या वेळी मला नीट दिसतंय, काका. ते अण्णाच आहेत. त्यांना हाक मारा.

तुमची अपराधी पुतणी,
समीक्षा