चंद्राच्या लेकीचं जावळ

अमरावती, मार्गशीर्ष वद्य पंचमी

अकोल्याहून आलेल्या कासारणीनं दारातूनच सांगितलं, "बाई, तुमची चंद्रा सुखरूप बाळंत झाली. पोरगी हाये. जावळ तं असं काळंभोर, मी हातच फिरवत राहिली."

लेकीचं मागच्या खेपेचं लेकरू हाती लागलं नव्हतं. म्हणून मी तेच तेच विचारत राहिले. रडते ना? दूध पिते ना? अन् जावळ खरंच एवढं?

पण जावं कसं? कापसाले सोन्याचा भाव आल्यापासून गावात गाडी रिकामी नाही. हे म्हणाले, "आठ दिवस थांब." मले तं आठ घटकाही जाईनात.

तेवढ्यात शेजारची गंगू माळीण आली. कासारणीनं तिलेही सांगितलं होतं. म्हणाली, "काकू, उद्या माही गाडी वांगे घेऊन मूर्तिजापूरले चालली. तिथून माही बहीण तुमाले अकोल्याले पोचवते. कावून थांबता?"

मी यांना विचारलं नाही, फक्त सांगितलं. मी लाडवांसाठी डिंक तळायले घेतला, तेव्हा हे चुलीपाशी येऊन हळूच म्हणाले, "गाडीत मलेबी जागा होईल का, विचार गंगूले."